न्यू फोल्डर (२)

घरातल्या सामाईक कॉम्प्युटरसमोर बसा. डी ड्राइव्ह उघडा. त्यात ‘सॉफ्टवेअर’, त्यात ‘ड्रायव्हर्स’, त्यात ‘जुना बॅकअप’, त्यात ‘न्यू फोल्डर’ आणि त्याच्याही पोटात ‘न्यू फोल्डर (२)’. उघडा. अभिनंदन, चिरंजीवांची व्हाइस सिटी सापडली.

चिरंजीवांचा समज असा की, एवढ्या आत कोण कडमडायला येतंय? येत नाहीच कुणी. गरजच काय? स्टार्ट मेनू उघडला की नुकत्याच टाकलेल्या प्रोग्रॅमच्या यादीत खेळाचं नाव चित्रासकट झळकतंय. विंडोज एक्सपीच्या जमान्यात तर नव्या प्रोग्रॅमला केशरी रंग फासला जायचा आणि वर फुगा यायचा, नवीन प्रोग्रॅम आले आहेत हो!

मायक्रोसॉफ्टने शेजारच्या काकूंना नोकरीवर ठेवलं असावं.

लपवण्याच्या युक्त्या मात्र पिढ्यान्‌पिढ्या त्याच. फोल्डरवर राइट क्लिक, प्रॉपर्टीज, ‘हिडन’वर टिचकी. फोल्डर गायब. मग दुसरा कुणी येतो, ‘हिडन फाइल्स दाखवा’वर टिचकी मारतो आणि फोल्डर पुन्हा हजर, फक्त जरा फिकट. म्हणजे आता नेमकं काय लपवलंय, हे रंगावरूनच कळतं. आधी निदान शोधावं तरी लागत होतं.

त्याहून हुशार मंडळी ‘ऑल्ट’ दाबून धरून २५५ टाइप करतात. फोल्डरचं नाव कोरं. मग चिन्हही कोरं निवडतात. डेस्कटॉपवर अदृश्य फोल्डर तयार! फक्त वडिलांनी चुकून कंट्रोल-ए दाबू नये. दाबलं की मोकळ्या जागेत एक निळा चौकोन उजळतो.

‘इथे काय आहे रे?’
‘काही नाही, बाबा.’
‘मग निळं काय झालं?’

नाव बदलणाऱ्यांचा पंथ वेगळा. खेळाच्या फोल्डरला ‘टॅली बॅकअप’ म्हणायचं. नाव इतकं कंटाळवाणं की कुणी हात लावणार नाही, असा हिशेब. वडिलांचा धंदा टॅलीवर चालतो आणि मार्चअखेर जवळ आलीय, हे हिशेबात राहून जातं.

पूर्वी निदान माल लपवण्याजोगा होता. २००३ मध्ये पीसीवर आलेली व्हाइस सिटी साधारण एक जीबीत मावायची. आज रेड डेड रिडेम्प्शन २ टाकायला दीडशे जीबी मोकळी जागा लागते. घरातली एसएसडी अडीचशे जीबीची. सी ड्राइव्हची पट्टी लालेलाल, विंडोज जागा नाही म्हणून कण्हतंय, आणि पोराचं म्हणणं, प्रोजेक्टचं प्रेझेंटेशन आहे.

दीडशे जीबीचं प्रेझेंटेशन? कशावर? विश्वरूपदर्शनावर?

बरं, फोल्डर लपला, नाव लपलं, आकारही कुणी पाहिला नाही असं धरू. मग नेटवर खेळायचा खेळ पहिल्यांदा सुरू करताच फायरवॉल चौकट टाकतं, या प्रोग्रॅमला परवानगी द्यायची का? परवानगी द्यायला ॲडमिनिस्ट्रेटरचा पासवर्ड. तो वडिलांकडे. व्हॅलोरंट टाकला असेल तर त्याचा पहारेकरी व्हॅनगार्ड मशीन सुरू होताच जागा होतो आणि घड्याळाशेजारी लाल चिन्ह लावून बसतो. खेळ बंद, खेळाडू शाळेत, पहारेकरी ड्युटीवर. आई भाजीवाल्याला पैसे पाठवायला बसते आणि विचारते, हे लाल काय आलंय? व्हायरस का?

इतका प्रामाणिक पहारेकरी बँकांनाही मिळत नाही.

स्टीम या खेळांच्या ऑनलाइन दुकानाची तऱ्हा आणखी मजेशीर. खेळावर राइट क्लिक करा, ‘मॅनेज’मध्ये जा, ‘हाइड’ म्हणा. खेळ यादीतून जातो. कुठे जातो? वरच्या ‘व्ह्यू’ मेनूत ‘हिडन गेम्स’ अशी स्वच्छ पाटी लावलेल्या खोलीत. कुलूप नाही, किल्ली नाही. २०२४ मध्ये स्टीमने खेळ ‘प्रायव्हेट’ करायची सोय आणली. तुमच्याकडे तो खेळ आहे आणि तुम्ही किती तास घालवलेत, हे आता मित्रांना दिसणार नाही. ब्राझीलचा मित्र, पोलंडचा मित्र, कुणालाच नाही. तुमचं खातं त्या मशीनवर उघडं असेल, तर धाकट्या बहिणीला मात्र सगळं दिसेल.

आणि गुप्तता हवी होती ती कुणापासून?

आता गंमत अशी की या सगळ्या कसरतीची गरजच नव्हती. प्रत्येकाला वेगळं खातं. बस्स. विंडोज ९५ आणि ९८ मध्ये ही सोय थट्टेचीच होती. पासवर्डची चौकट यायची, एस्केप दाबलं की बाजूला व्हायची. पण २००१ च्या एक्सपीपासून खरीखुरी वेगळी खाती आली. रबरी बदकाचं चित्र, बुद्धिबळाचं चित्र, फुटबॉलचं चित्र, ज्याला जे हवं ते. मराठी घराने काय केलं? एकच खातं ठेवलं, त्याला ‘होम’ किंवा ‘ॲडमिन’ नाव दिलं, बदक लावलं आणि पाच माणसं त्यात कोंबली.

या बदकाने किती भावंडांत भांडणं लावली, याची मोजदाद कुणी ठेवलेली नाही. व्हाइस सिटीत खेळ साठवायला आठ जागा. मोठा भाऊ दिवाळीची सुट्टी खर्ची घालून शेवटच्या मोहिमेपर्यंत पोचलेला. धाकटा येतो, दोन गाड्या चोरतो, पोलीस मागे लावून घेतो आणि निघताना ‘सेव्ह’ करतो. कुठे? मोठ्याच्या जागेवर. मग रडारड, मारामारी, आजीची मध्यस्थी आणि आठ दिवस अबोला. आणि खेळ साठवला कुठे जायचा? ‘माय डॉक्युमेंट्स’मध्ये, म्हणजे ज्याच्या खात्यातून खेळ चालू केला त्याच्या फोल्डरात. दोन खाती असती तर दोघांच्या आठ-आठ जागा आपोआप वेगळ्या झाल्या असत्या. भावाभावांत वाटणी झाली असती आणि तलाठ्याकडे चक्कर मारावी लागली नसती.

तेव्हा लपवणारा प्रत्येक जण लाजेनेच लपवतो असं नाही. पुष्कळांना आपला खेळ वाचवायचा असतो. चुलत भाऊ सुट्टीला येणार म्हटल्यावर घरातला कर्ता खेळाडू आपलं फोल्डर सुरक्षित स्थळी हलवतो, यात गुन्हा कसला? पाहुणे आले की आईसुद्धा चांगला टॉवेल आत ठेवते.

पण वेगळं खातं मागून बघा. पासवर्डसकट.

‘पासवर्ड कशाला हवा?’ ‘आमच्यापासून लपवण्यासारखं काय आहे?’ ‘आमच्या वेळी आम्ही आई-वडिलांपासून काही लपवलं नाही.’ तिसरं वाक्य ज्या काकांच्या तोंडून येतं, त्यांचं लग्नाआधीचं सिगारेटचं पाकीट पोटमाळ्यावर अजून सापडतं. चौकशी आयोग बसतो. आयोगाचा निष्कर्ष आधी ठरलेला असतो: ज्याला पासवर्ड हवा, त्याच्या मनात काळंबेरं.

म्हणून पोरगं निमूट ऑल्ट-२५५ कडे वळतं. पासवर्ड मागितला तर संशय, न मागता लपवलं तर पुरावा.

तसा कॉम्प्युटर आणला होता अभ्यासासाठी. एमएस-सीआयटीचा सराव, टायपिंग, झालंच तर एक्सेल. आठवतंय? वर प्लास्टिकचं कव्हर, शेजारी उदबत्ती, स्पीकरवर हळद-कुंकू. पण त्या अभ्यासाच्या पेटीत पत्ते आधीच होते. सॉलिटेअर १९९० च्या विंडोज ३.० पासून, माइनस्वीपर १९९२ च्या ३.१ पासून. विंडोज १० मध्ये तर कितीतरी मशीनांवर कँडी क्रश न मागता स्टार्ट मेनूत हजर. कंपनीने टाकला तर ती सोय, मुलाने टाकला तर ते वळण.

एक्सेलचंही ऐका. एक्सेल ९७ मध्ये ठरावीक कळा ठरावीक क्रमाने दाबल्या की समोर डोंगरदऱ्या यायच्या आणि त्यावरून चक्क विमानासारखं उडता यायचं. आख्खा खेळ, हिशेबाच्या वहीत दडवलेला. जगभरातले अकाउंटंट त्याच्यावर बसून ताळेबंद जुळवत होते आणि त्यांना पत्ता नव्हता. लपवावं तर असं.

यात मोठी माणसं मागे होती असं समजू नका. १९८७ मध्ये सिएरा कंपनीचा ‘लेजर सूट लॅरी’ नावाचा चावट खेळ आला. त्यात साहेब आला की दाबायची खास कळ होती. दाबली की पडद्यावर आलेखबिलेख. साहेब खूश. पण साहेब गेल्यावर खेळाकडे परतावं तर खेळ सुनवायचा, घाबरून बटण दाबलंस ना, मग तुझी सगळी प्रगती आम्ही मुद्दाम विसरलो.

नोकरी वाचायची, डाव जायचा. काहींचं उलटं झालं. २००६ मध्ये न्यूयॉर्कचे महापौर ब्लूमबर्ग यांनी सरकारी कार्यालयात फेरफटका मारताना एका कर्मचाऱ्याच्या पडद्यावर सॉलिटेअर पाहिला आणि त्याला घरी पाठवलं. डाव सुटला की नाही, ते कळलं नाही.

आपल्याकडे एवढी कठोर माणसं नाहीत. जुलै २०२५ मध्ये सभागृहात बसलेल्या एका मंत्र्यांच्या मोबाइलवर रमीचा डाव दिसणारा व्हिडिओ राज्यभर फिरला. आपण खेळत नव्हतो, मध्येच आलेली जाहिरात बंद करत होतो, असा त्यांचा खुलासा. न्यू फोल्डर (२) वाल्या समस्त पोरांनी तो खुलासा आदराने ऐकला. पुढे त्यांचं कृषी खातं गेलं.

मिळालं ते क्रीडा खातं.

पण मंत्र्यांचा मोबाइल त्यांचा स्वतःचा होता. आपलं दुखणं सामाईक मशीनचं. तिथे खरा इलाज काय, हे जाणकार सांगतात तेव्हा ऐकणाऱ्याचा चेहरा पडतो. नुसतं वेगळं खातंही पुरत नाही, कारण पुष्कळ खेळ ‘प्रोग्रॅम फाइल्स’मध्ये जाऊन बसतात आणि ती जागा सगळ्यांना उघडी. काही खेळ टाकताना विचारतात, फक्त तुमच्यासाठी की सगळ्यांसाठी? हा प्रश्न कुणी वाचत नाही. नेक्स्ट, नेक्स्ट, आय ॲग्री, फिनिश. आय ॲग्री म्हणजे घरभर बोभाट्याला आपली संमती.

काही जण व्हेराक्रिप्टसारखं फुकट साधन वापरून आख्खी तिजोरीच बनवतात. पासवर्डशिवाय उघडत नाही, आत काय आहे दिसत नाही. चोख काम. फक्त डी ड्राइव्हवर दोनशे जीबीची एक न उघडणारी फाइल दिसते. वडिलांना खेळ सापडण्यापेक्षा हे जास्त घाबरवतं.

आणि लपवलेला खेळ बहुधा फुकट उतरवलेला, क्रॅक केलेला. तो टाकताना सूचना असते, आधी अँटिव्हायरस बंद करा. पोरगं आज्ञाधारक, लगेच करतं. घरात इतर कुठली सूचना इतक्या तत्परतेने पाळली जाते? त्याच मशीनवर वडिलांचं नेटबँकिंग, आईचं गॅस बुकिंग आणि ताईचा थिसिस. सगळ्यांपासून लपवलेल्या फोल्डरात सगळ्यांना पाहणारं कुणी बसलंय का, हा प्रश्न कुणालाच पडत नाही. ज्याने लपवलंय त्याला विचारता येत नाही, आणि बाकीच्यांना फोल्डर ठाऊक नाही.

हे सगळं वाचून काही सावध पालक म्हणतील, आम्ही नियम लावतो. मायक्रोसॉफ्टकडे फॅमिली सेफ्टी नावाची सोय आहे. मुलाचं खातं वेगळं, पालकांचं वेगळं. कुठला खेळ किती वेळ चालला, याचा आठवड्याचा अहवाल थेट पालकांच्या ईमेलवर.

उत्तम. आता सांगा, पालकांचा ईमेल आयडी कुणी काढून दिला होता? त्याचा पासवर्ड कुणाच्या लक्षात आहे? ओटीपी आला की ‘अरे, बघ रे जरा’ म्हणून फोन कुणाच्या हातात जातो?

अहवाल दर आठवड्याला येतो. न चुकता वाचलाही जातो. वाचणारा सध्या आठवीत आहे.