आगगाडी नसलेल्या गावात डोंगर कसा उभारावा

घाटंजीला रेल्वे नाही, ही या कलेच्या दृष्टीने मोठीच सोय आहे. जिथून गाडी जाते त्या गावात शेजारी येऊन सांगतात की सिग्नल चुकलाय, असा डबा कुठे असतो का, आणि मालगाडीचा गार्ड गेला कुठे? आपल्याकडे असे तज्ज्ञ नाहीत. छोट्या रेल्वेसाठी डोंगर-खडक घडवू पाहणाऱ्या घाटंजीकराला अडचणी दोनच : भूगर्भ आणि घरची मंडळी. दुसरी अधिक टणक असल्यामुळे सुरुवात तिच्यापासून.

भूसंपादन शांतपणे करावे. आठ बाय चार फुटांचा प्लायवूड एका दिवसात आणून टाकला तर उठाव होतो. म्हणून आधी नुसते सर्वेक्षण. रोज संध्याकाळी टेप घेऊन पाहुण्यांच्या खोलीत जायचे, मापे घ्यायची, वहीत लिहायची, परत यायचे. "हे काय करून राहिला तू?" असे आईने विचारलेच तर "अजून काही ठरलं नाही" हे उत्तर द्यावे. काम रखडले म्हणून कोणी टोमणा मारला, तर वर्धा-यवतमाळ-नांदेड मार्गाचा दाखला तयार ठेवावा. त्या मार्गावरची गाडी वर्ध्याहून कळंबपर्यंत धावायला 2024 साल उजाडले. त्या मानाने आपल्या दोन दिवाळ्या म्हणजे झपाटाच.

गाडी कोणती, याचा निर्णय डोंगराआधी घ्यावा आणि इथे भावनेला पूर्ण वाव द्यावा. जगभर बहुतेक हौशी मंडळी 1:87 या प्रमाणात काम करतात. त्यांचा रूळ 16.5 मिलिमीटर रुंदीचा. आपली ब्रॉडगेज 1676 मिलिमीटर, म्हणजे या प्रमाणात 19 मिलिमीटरच्या वर. 16.5 च्या रुळावर ठेवलेली भारतीय गाडी कायम उपाशी दिसते. पण आपली छोट्या रुळावरची गाडी, शकुंतला? तिचा यवतमाळ-मूर्तिजापूरचा 762 मिलिमीटरचा रूळ 87 ने भागला की पावणेनऊच्या आसपास येतो, आणि 9 मिलिमीटरचा रूळ बाजारात तयार मिळतो. 1921 साली मँचेस्टरला घडलेले तिचे झेडडी इंजिन 1994 पर्यंत वाफ सोडत होते. आता गाडीच बंद आहे, त्यामुळे वेळापत्रक चुकल्याचा आरोपही तुमच्यावर येणार नाही.

आता खडक. इथेच बहुतेकांचा घात होतो, कारण मार्गदर्शन परदेशी असते. त्यात टोकदार, राखाडी, बर्फाची टोपी घातलेले सुळके दाखवतात. ते हुबेहूब जमले की माणूस खूश होतो आणि शकुंतला स्वित्झर्लंडात जाऊन अडकते. यवतमाळ जिल्ह्याचा बराच भाग दख्खनच्या काळ्या पाषाणाचा आहे. सुमारे साडेसहा कोटी वर्षांपूर्वी लाव्हा थरावर थर पसरत गेला. म्हणून आपल्या टेकड्यांचे माथे सपाट, कडा पायऱ्यांच्या. दोन थरांच्या मध्ये कुठे कुठे विटकरी लाल पट्टा दिसतो, आणि मुरमात कांद्यासारखे पापुद्रे सुटलेले गोल धोंडे. सुळका करायचा मोह झाला तर बाहेर जाऊन एक टेकडी नीट पाहून यावी. चहाला पैसे लागतील, टेकडीला लागत नाहीत.

हे थर करण्यासाठी फॉल्स सीलिंगवाल्याकडे पडलेले जिप्समचे तुकडे मागून आणावेत. वरचा कागद सोलावा आणि पट्ट्या हाताने मोडाव्यात, कापू नयेत. मोडलेली कड हीच कलाकुसर. त्या एकावर एक, किंचित मागेपुढे चिकटवाव्यात. फटी भरायला प्लास्टर ऑफ पॅरिस : पाण्यात प्लास्टर टाकावे, प्लास्टरवर पाणी नव्हे. दहा-पंधरा मिनिटांत ते घट्ट होते, म्हणून त्या वेळात फोन उचलू नये. सुट्या धोंड्यांसाठी अॅल्युमिनियमची फॉइल चुरगाळून पुन्हा पसरावी आणि तिच्यात प्लास्टर ओतावे. स्वयंपाकघरातली फॉइल घेतल्यास पुढच्या परवानग्या रखडतात.

रंगाचा डबा उघडून ब्रशभर काळा फासला की कोळशाचा ढीग तयार होतो. आधी पिवळट आणि तपकिरी रंगाचे ठिपके इकडेतिकडे टाकावेत, मग भरपूर पाण्यात कालवलेली काळी शाई वरून सोडावी. ती आपली आपण खाचांत जाऊन बसते. वाळल्यावर जवळजवळ कोरड्या ब्रशने कडांवरून फिकट रंग फिरवावा.

माती विकत आणणे म्हणजे घाटंजीत गुन्हा समजावा. काळी माती उन्हात खडखडीत वाळवून वस्त्रगाळ करावी आणि पाण्यात पातळ केलेल्या फेविकॉलने बसवावी. त्यात भांड्यांच्या साबणाचा थेंब टाकला की द्रावण गोळा न होता झिरपते. थर जाड झाला तर भेगा पडतात. त्या पडू द्याव्यात, वैशाख फुकटात मिळतो. वैशाखातच झाडेही सोपी : सागाला पान नसते, त्यामुळे पऱ्हाटीच्या बारीक फांद्या खोचल्या की जंगल तयार. कापसाच्या शेतात मात्र खरे बोंड ठेवू नये. चार सेंटीमीटरचे बोंड या प्रमाणात साडेतीन मीटरचे होते. एवढे मोठे झाले तरी भाव तोच मिळणार.

बोगद्याबद्दल थोडेच. नवशिक्या आधी बोगदा करतो, मग त्यावर डोंगर ठेवतो. बोरघाटात 1863 साली गाडी चढली तेव्हा डोंगर आधीपासूनच तिथे होता, बोगदे नाइलाजाने खणले. हाच क्रम पाळावा, आणि मागच्या बाजूला हात जाईल एवढे भोक ठेवावे. आत गाडी घसरते, आणि नंतर तिथे मांजर झोपते. हे सारे मोठ्या प्रमाणावर पाहायचे असेल तर पुण्यातल्या कोथरूडला भाऊसाहेब जोशींचे छोट्या रेल्वेचे संग्रहालय आहे. ते 1 एप्रिल 1998 ला उघडले, तरी त्यात थट्टा अजिबात नाही. मुलांना दाखवायला नेतो म्हणावे आणि मुलांना बाकावर बसवून आपण बघावे.

शेवटची सूचना सर्वांत महत्त्वाची. उरलेले प्लास्टर मोरीत ओतू नका. ते पाइपात जाऊन अस्सल दगड होते, आणि तो फोडणारा प्लंबर सणासुदीला हमखास गावाला गेलेला असतो.