वाफेचे वेळापत्रक

कालनियोजनाच्या शास्त्रात फ्रान्सेस्को चिरिल्लो यांची ‘पोमोदोरो’ पद्धत, म्हणजे 25 मिनिटे काम आणि 5 मिनिटे विश्रांती, प्रमाण मानली जाते. कराडच्या कार्यतत्पर तरुणाईने त्या 5 मिनिटांत ई-सिगारेटची, म्हणजे निकोटीनयुक्त द्रव तापवून वाफ देणाऱ्या उपकरणाची, योजना करून या शास्त्रात मोलाची भर घातली आहे. 2019 च्या केंद्रीय कायद्याने या उपकरणाचे उत्पादन, आयात, वाहतूक, विक्री, साठवण आणि जाहिरात यांवर बंदी घातली, परंतु सेवनासाठी स्वतंत्र शिक्षा सांगितली नाही. त्यामुळे जी वस्तू कोणी बनवली नाही, आणली नाही आणि विकली नाही, तीच ओढण्याची सिद्धी साधकास प्राप्त होते. प्रयागच्या त्रिवेणीत सरस्वती गुप्त आहे. कराडच्या प्रीतिसंगमावर कृष्णा-कोयनेच्या भेटीस येणारा तिसरा प्रवाह मात्र लांबूनही दिसतो आणि त्याला आंब्याचा वास येतो.

नियोजनाची स्वाभाविक पुढची पायरी म्हणजे रुग्णशय्येची आगाऊ निवड. ‘सेमी-फाउलर’ पलंगाची केवळ पाठ उचलता येते, तर ‘फाउलर’ पलंगाची पाठ आणि गुडघ्यांखालची बाजू अशी दोन्ही. पाठ उचलल्याने धाप लागलेल्या फुप्फुसांना प्रसरणास जागा मिळते आणि गुडघेही उचलल्याने मांडीवर लॅपटॉप टिकतो, म्हणून दूरदर्शी व्यक्तीने पंचविशीतच दुसऱ्या प्रकाराची नोंदणी करावी. तेथे 25 आणि 5 हे प्रमाण उलटे होते खरे; परंतु गजर लावण्याचे कष्ट वाचतात, कारण ते काम उशाशी ठेवलेले यंत्र आपणहून करते.