गंधाराची रजा

(देवळा. बाजार समितीतला कांद्याचा लिलाव आटोपून रिकाम्या ट्रॉल्या खडखडत गावाबाहेर पडल्या आहेत. विठ्ठलमंदिराच्या ओसरीवर भजनी मंडळाचा मिरजेचा तंबोरा, ऐन एकादशीच्या सकाळी त्यावर कांद्याची गोणी कोसळल्यामुळे, भोपळा फुटलेल्या अवस्थेत भिंतीशी टेकला आहे. आणि त्याच्या जागी हंगामी नेमणूक झालेली गिटार मांडीवर घेऊन एक तरुण तिच्या खुंट्या पिळीत बसला आहे.)

सेवानिवृत्त अव्वल कारकून : तहसील कचेरीच्या दफ्तरात तीस वर्षे काढली, नाना प्रकारचे फेरफार नोंदले, परंतु दुकानदाराने रीतसर लावून दिलेले सूर खरेदीदाराने घरी आणून उतरवावेत, असे प्रकरण माझ्यासमोर प्रथमच येत आहे. बाळ, हे कोणाच्या हुकुमाने चालले आहे?

गिटारवाला : हुकूम कोणाचा नाही, अण्णा. रूढ रीतीने या तारा ई, ए, डी, जी, बी, ई अशा लावतात. पण मोकळ्या छेडल्या तर एकीचे दुसरीशी पटत नाही. त्यांतल्या चार उतरवल्या नि दोन तशाच ठेवल्या, की डी, ए, डी, एफ शार्प, ए, डी. याला ओपन डी म्हणतात. एकही बोट न ठेवता सगळ्या एकदिलाने बोलतात.

कारकून : म्हणजे सहांपैकी चौघींची पदावनती! कारणे दाखवा नोटीस दिली होती?

बुवा : (डोळे मिटून) थांबा अण्णा. पुन्हा छेड रे. सा, प, सा, ग, प, सा. षड्ज पांढरी दोनचा. अहो, हा तर आडवा झालेला तंबोराच!

गिटारवाला : हवाई बेटांत 1830 च्या सुमारास मेक्सिकोकडच्या गुराख्यांनी गिटार नेली. ते परतले, गिटार राहिली, आणि तिथल्या लोकांनी आपल्या गाण्याला सोयीच्या होतील अशा तारा लावून घेतल्या. त्या वादनाचे नावच मुळी ‘सैल खुंटी’ असे आहे.

बुवा : गुराखी म्हणजे गोपाळच की. देवळात यायला हरकत नाही.

कारकून : गुराख्यांची वहिवाट मी एक वेळ ग्राह्य धरीन. तथापि जी बोटे ईश्वराने दिली, ती न चालवता तारांनाच आपल्या सोयीने वाकवणे, याला शुद्ध मराठीत आळस म्हणतात.

गिटारवाला : कॅनडाच्या जोनी मिचेलला लहानपणी पोलिओ झाला नि डावा हात दुबळा राहिला. तिने हाताला झेपतील अशा पन्नासेक तऱ्हांनी तारा लावल्या आणि गाणी केली.

कारकून : (किंचित थांबून) वैद्यकीय कारण. मंजूर. आता स्वदेशातील दाखला दे.

गिटारवाला : ‘कॉल ऑफ द व्हॅली’, 1967. संतूर शिवकुमार शर्मांचे, बासरी हरिप्रसाद चौरसियांची, आणि गिटार ब्रिजभूषण काबरांची. ती मांडीवर आडवी ठेवून, तारांवर पोलादी कांडी फिरवीत वाजवलेली. पुढे जयपूरच्या विश्वमोहन भट्टांनी तिला तरफा जोडून मोहनवीणा केली, आणि अमेरिकेच्या राय कूडरबरोबर केलेल्या वादनाला 1994 साली ग्रॅमी मिळाले.

बुवा : ते राहू द्या. मालकंसातला अभंग घ्यायचा आहे, त्यात हा शुद्ध गंधार खपायचा नाही.

गिटारवाला : मग ग चढवून म करतो. सा, प, सा, म, प, सा. इंग्लंडच्या डेव्ही ग्रॅहमने साठीच्या दशकात ही रीत चालवली.

कारकून : आणि गंधार?

गिटारवाला : रजेवर.

कारकून : त्याचा कार्यभार मध्यमाकडे. ठीक.

बुवा : मालकंसात पंचमही वर्ज्य. माझ्या तंबोऱ्याची पहिली तार मी अशा वेळी पंचमावरून मध्यमावर आणतो.

कारकून : एकाच रात्री दोघे गैरहजर!

गिटारवाला : दोन्ही प उतरवून म करतो, की झाले.

कारकून : पुन्हा पदावनती? ही तहकूब. पाचवी तार खुशाल उतरव, पण या दुसरीने काय घोडे मारले आहे? तिला एकदम वरच्या षड्जावर बढती दे.

गिटारवाला : अण्णा, पाच स्वर वर चढायचे आहेत, तेवढा ताण तिला...

कारकून : बढतीत ताण असतोच. पीळ!

(खुंटी फिरते, तार आधी कण्हते, मग टण्णकन तुटून अण्णांच्या टोपीवरून जाते. ओसरीवर शांतता.)

बुवा : (उरलेल्या तारा छेडून) सा, म, सा, म, सा. चोख! काडीचा कचरा नाही.

गिटारवाला : इंग्लंडचा कीथ रिचर्ड्ससुद्धा सहावी तार काढून पाचांवरच वाजवतो.

कारकून : मग ही तूट पूर्वमंजुरीचीच समजावी.

(रात्री पावणेबाराला मालकंस सुरू झाला. सकाळी मंदिराच्या फळ्यावर अण्णांच्या वळणदार अक्षरांत मजकूर होता : ‘नाशिकला जाणाऱ्या भाविकाने गिटारची दुसरी तार, नग एक, आणावी. खर्च मंडळ देईल. भोपळ्याबाबत मिरजेशी पत्रव्यवहार चालू आहे.’)