नारळाचं पोतं आणि सांगलीचा तट

बीड जिल्ह्यातल्या सिरसाळ्यात बसून 'पॅपिलॉन' पाहायचा तर पहिली अडचण समुद्राची. बेटावरून पळू पाहणारा कैदी झालेला स्टीव्ह मॅक्वीन कड्यावर उभा राहून लाटा मोजतो. आमच्याकडे उन्हाळ्यात टँकर मोजतात. पण शेवटी नारळांनी भरलेलं पोतं पाण्यात पडतं आणि त्यावर तो स्वार होतो, तेव्हा गडी सावरून बसतो. पाठीला भोपळा बांधून विहिरीत ढकलला गेलेला माणूस ही विद्या लगेच ओळखतो. लेकीकडून भोपळ्यात बसून वाघाला चकवत परतणारी म्हातारी तर आमची पहिली पॅपिलॉन!

सिनेमा 1973चा. तो ज्या आत्मकथनावर बेतलेला, ते आँरी शारिएरचं पुस्तक मराठीत रवींद्र गुर्जरांनी आणलं. शारिएरनं दुसऱ्यांचे पराक्रमही आपल्या नावावर चढवले असा बोभाटा आहे. पारावर बसणाऱ्यांना त्याचं फारसं वाईट वाटू नये.

मला मात्र पॅपिलॉनचा जाड चष्म्याचा सोबती डेगाच आवडतो. अंधारकोठडीतल्या मित्राला तो चोरून खोबरं पोचवतो. ते उघडकीला येतं, मित्राचं जेवण निम्म्यावर येतं, तो किडे खातो, पण डेगाचं नाव काही सांगत नाही. आणि उडी मारायची वेळ आली की डेगा मागेच राहतो.

मागे राहिलेल्यांचा विषय निघाला की सांगली आठवते. 24 जुलै 1943ला वसंतदादा पाटील आणि त्यांचे सोबती सांगलीचा तुरुंग फोडून भर दिवसा बाहेर पडले. तटाखाली खंदक, मागे बंदूकधारी पोलीस. अण्णासाहेब पत्रावळे आणि बाबूराव जाधव गोळीबारात गेले. दादांच्या खांद्यात गोळी शिरली आणि ते पुन्हा गजाआड. म्हणजे सिनेमाच्या हिशोबानं बेत फसलाच. तोच माणूस 1977 साली मुख्यमंत्री झाला, सांगलीचा साखर कारखानाही आज त्यांच्याच नावानं आहे. त्या मुलखातला ऊस तोडायला दसरा झाला की बीड जिल्ह्यातले कोयते मुकादमाची उचल घेऊन निघतात. म्हातारी माणसं तेवढी घर राखतात. डेगा इथं घरोघरी आहेत.

सांगलीच्या त्या दिवसावर कुणी तालेवार दिग्दर्शक सिनेमा काढणार असेल, तर एकच विनंती: दादांना गोळी लागेपर्यंत सगळं नीट दाखवा, पण पत्रावळे आणि जाधवांना दोन मिनिटांत मारून मोकळे होऊ नका.