आधी काय विकू?

'एस्केप फ्रॉम टार्कोव्ह' या व्हिडिओ गेममधून जीव वाचवून परतलेला आमचा नागपूरच्या महालातला भाचा गेममधल्या सामानाच्या स्टॅशसमोर डोकं धरून बसलेला. ग्राफिक्स कार्ड विकू की बिटकॉइन फार्मसाठी ठेवू? म्हटलं, काऊन रडतो बे, कंपनी सरकारला विचार. १८५४ साली नागपूर खालसा केलं आणि भोसल्यांचे हत्ती, घोडे, बैल सीताबर्डीवर मातीमोल फुंकले. चारा खाणारा माल आधी! मुठीत मावणारं जडजवाहीर मात्र थेट कलकत्त्याला. पहिल्या रघूजींची तलवार तेवढी कुठंतरी दबून राहिली. २०२५मध्ये लंडनच्या लिलावातून महाराष्ट्र सरकारनं ती सुमारे ४७ लाखांना सोडवली, म्हणजे आपलीच वस्तू, रोख पैसे मोजून.

भाचा म्हणाला, "मामा, म्हणजे कार्ड ठेवू ना?"