ना देऊळ, ना पुजारी, आणि वर तीन-तीन जणी!

अहो, ऐकलंत का? त्या लोकांच्या धर्मात देऊळच नाही! मूर्ती नाही, आरती नाही, उपास नाही, वर्गणी मागायला दारात उभं राहणारं मंडळ नाही. संकट आलं की 'प्रकाशा!' म्हणून ओरडायचं, शपथ घ्यायची ती प्रकाशाचीच घ्यायची, झाली भक्ती. विश्व घडवणारा एक विधाता आहे म्हणे. पण त्यानं एकदा काळाचं चाक फिरवून दिलं आणि जे हात झटकले ते झटकलेच. नवसाला पावायचं नाव नाही! आणि असल्या धर्मापायी शहाणीसुरती माणसं चाकाला वेटोळं घातलेला साप अंगावर गोंदवून घेतात. अमेरिकेत अटलांटाला २००९ पासून यांची चक्क जत्रा भरते, 'जॉर्डनकॉन' नावाची.

हा सगळा उपद्व्याप रॉबर्ट जॉर्डन या लेखकाचा, त्याच्या कादंबऱ्यांतल्या जगाचा हा धर्म. खरं नाव जेम्स ऑलिव्हर रिग्नी. चार्ल्सटनचा माणूस, व्हिएतनामच्या युद्धात लढून आलेला, वर पदार्थविज्ञानाचा पदवीधर. प्रकाश आणि काळ या गोष्टी फळ्यावर गणितं मांडून शिकलेल्या माणसानं त्यांचा धर्म काढावा, काय म्हणायचं याला? १९९० साली 'द व्हील ऑफ टाइम' या कादंबरीमालिकेचा पहिला भाग आला. बोली होती तीन पुस्तकांची. प्रकाशकानं माणूस ओळखला होता, त्यानं सहांचा करार केला. झाली चौदा! शिवाय आधीची कथा सांगणारं एक वेगळं.

आता चोरीचं बोलू. फिरत राहणारी युगं, तोच जीव पुन्हा पुन्हा जन्माला येणं, हा माल कुणाच्या घरचा? हिंदू कल्पनांवरून चाक घेतल्याचं लेखक स्वतःच सांगायचा, म्हणजे कबुलीजबाबही झाला. आपल्याकडे युगं चार, यांच्या चाकाला आरे सात. नेताना वाढवून नेलं की हो! बरं, त्या जगात आपलं युग केव्हाच होऊन गेलंय आणि आपल्या नुसत्या दंतकथा उरल्यात. एक भाट गोष्टींची जंत्री सांगतो, त्यात 'माटेरेस' नावाची एक रोगनिवारण करणारी आई आहे, अद्भुत 'इंद' देशाची. ओळखलंत ना? कोलकात्याच्या मदर तेरेसाच त्या. चौथ्या भागात तर एका राजवाड्याच्या संग्रहात वर्तुळातला तीन टोकांचा चंदेरी तारा ठेवलाय. कशाचा ते तिथं कुणालाच ठाऊक नाही, पण दहा पावलांवरूनही त्यातून गर्व आणि दिमाख जाणवतो म्हणे. मर्सिडीज हो, मर्सिडीज! आपल्या सोसायटीत ती गाडी कुणाकडे आहे, ते मी सांगत नाही.

देऊळ नाही म्हणून सोवळेपणा नाही असं मात्र समजू नका. 'प्रकाशाची लेकरं' म्हणून एक फौज आहे. अंगावर पांढरेशुभ्र झगे, छातीवर सोनेरी सूर्य. काम काय, तर गावोगाव फिरून अंधाराचे हस्तक हुडकायचे. पुरावा नसला तरी चालतो, संशय पुरतो. त्यांच्यातलीच एक शाखा माणसाला पकडून कबुली वदवून घेते, कशी ते विचारू नका. आणि गंमत ऐका, त्या शाखेतला एक बडा अधिकारी स्वतःच अंधाराला विकला गेलेला! आपल्याकडे रात्री सापाला साप न म्हणता 'लांबडं' म्हणतात, तसं तिथं अंधाराच्या धन्याचं नाव घेत नाहीत. हा पठ्ठ्या नाव न घेताच त्याची चाकरी करतो, आणि दिवसा सूर्य मिरवतो.

बायकांचं तर विचारूच नका. तिथं जादूची शक्ती चालवायची ती बायकांनीच, पुरुषानं हात लावला की त्याला वेड लागतं. या बायकांनी खोटं न बोलण्याची शपथ घेतलेली, म्हणून खऱ्याला अशा मुरडी घालतात की समोरच्यानं फसावं आणि वर आभारही मानावेत. त्यातल्या हिरव्या गटातल्या बाया तर एकापेक्षा जास्त अंगरक्षक बाळगतात. पडद्यावरच्या मालिकेत असली एक बाई आपल्या प्रियांका बोसनं केलीय, तीच ती 'लायन'मधली आई, आणि तिचं दोघा अंगरक्षकांशी एकदमच जमलेलं! दोघांचंही एकमेकांशी बरं चाललेलं! नायकाचं म्हणाल तर त्याच्यावर तिघी जीव टाकतात आणि भांडणं न करता आपसात ठरवून टाकतात. इतकी शिस्त आमच्या भिशीत नाही हो. जाता जाता, लेखकाची पत्नी हॅरिएट हीच त्याची संपादक होती. आता बायकांचा वरचष्मा कुठून आला ते तुम्हीच ताडा.

पण खरी तपश्चर्या वाचकांची. काळाचे भक्त म्हणवतात आणि २००३ साली दहाव्या भागात काळच जागचा हलेना! शेकडो पानं उलटली तरी जो तो आपल्या जागी. कुणी वेणीला हिसडे देतंय, कुणी झग्याच्या चुण्या नीट करतंय. लोकांनी बोटं मोडली आणि पुढचा भागही विकत घेतला. २००७ मध्ये लेखक गेला, गोष्ट अर्धवट. तरुण लेखक ब्रँडन सँडरसननं लिहिलेली श्रद्धांजली हॅरिएटबाईंच्या वाचनात आली, आणि त्याच्यावर उरलेलं काम आलं. एका पुस्तकाची त्यानं तीन केली. वाण नाही पण गुण लागला! शेवटचा भाग आला २०१३ मध्ये. म्हणजे पहिल्या भागाच्या वेळी कॉलेजात असलेला वाचक चाळिशीचा चष्मा लावून शेवटच्या पानाला पोचला.

त्यात २०२१ साली ॲमेझॉननं पडद्यावर आणलेली मालिका २०२५ च्या मे महिन्यात तीन हंगामांवर गुंडाळली. तिसराच काय तो रंगला होता! भक्तांनी सह्यांची मोहीम काढली, पण तिकडून काही हालचाल नाही. मग काय, पुन्हा पहिल्या भागापासून पारायण सुरू. घरातल्यांनी विचारलं, अहो, हे संपणार कधी, तर म्हणे चाकाला आरंभ नसतो, अंतही नसतो. बरं, नसू दे. पण दळण आणायला कोण जाणार, ते तरी ठरवा!