परक्या पितरांचा वारसदार

ठाण्याच्या नौपाड्यात किंवा डोंबिवलीच्या रामनगरात एखादी जुनी इमारत पुनर्विकासाला निघाली की तीन माणसांचे डोळे लकाकतात: बिल्डर, रद्दीवाला आणि स्मृतिचित्रकार. पहिला जागा घेतो, दुसरा माळ्यावरचं सामान, आणि तिसरा दुसऱ्याच्या गोणीतून फोटो. खांद्याला झोळी, बोटांवर वाळलेला फेविकॉल आणि तोंडी ‘सामूहिक स्मृती’, एवढ्यावर हा ओळखू येतो. कुणाच्या मुंजीतला बटू, कुणाची नऊवारीतली आजी, पुठ्ठ्याचं रेल्वेचं तिकीट आणि रेशनकार्डाचं पान शेजारी शेजारी चिकटवून वरून तो चहाचं पाणी फासतो, म्हणजे चित्र जुनं दिसतं. खरं तर त्याची गरज नसते. जुन्या कृष्णधवल फोटोतली चांदी काठांवर वर येऊन निळसर झिलई आधीच चढलेली असते. पण काळाने केलेल्या कामाखाली आपली सही करता येत नाही.

हा स्मृतीवर काम करतो, असं तो सांगतो. पुरावा मात्र उलट आहे. फोटोच्या पाठीवर ‘चि. कुसुम, मॅट्रिक झाल्यावर, कल्याण’ असं लिहिलेलं असलं, तर तीच बाजू गोंदाखाली जाते आणि चित्राला नाव मिळतं ‘अनामिका क्रमांक ७’. कुसुमला नाव होतं. अनामिका तिला याने केलं. खरी परीक्षा प्रदर्शनात होते. एखाद्या बाई चष्मा सावरत पुढे येऊन म्हणाल्या, ‘अगं बाई, ही तर आमची कुसुममावशी! गणित शिकवायची, फार मारायची!’ की आमच्या कलावंताचा चेहरा पडतो. अनामिका म्हणजे काळ, विस्थापन, स्त्रीत्व, काहीही असू शकते. मावशी म्हणजे फक्त मावशी. स्मृतीच्या या उपासकाला सगळ्यात अडचणीचा माणूस कोण, तर ज्याला खरंच आठवतं तो.

यावर कुणी म्हणेल, हा परक्यांच्या पितरांवर डल्ला आहे. तसं नाही. पितरांना किलोच्या भावाने घरच्यांनीच काढलेलं असतं. याने निदान लगदा होण्यापासून वाचवलं. कुणी म्हणेल, चिकटवाचिकटवी ही काय कला? तर नाथद्वाऱ्याचे चित्रकार श्रीनाथजींच्या रंगवलेल्या चित्रात भक्ताचा फोटोतला चेहरा कापून बसवत, आणि त्या चित्रांना कुणी हसलं नाही. तिसरा आक्षेप खुद्द कलावंताचा: नाव कळलं की चित्राचा घरगुती अल्बम होतो. याला उत्तर चित्रकार विवान सुंदरम यांनी देऊन ठेवलं आहे. २००१-०२ मधल्या ‘री-टेक ऑफ अमृता’ या मालिकेत त्यांनी आजोबा उमरावसिंग शेरगिल यांनी काढलेले घरचेच फोटो संगणकावर एकमेकांत गुंफले. त्यात चेहऱ्यांना नावं आहेत, नाती आहेत, आणि अमृता शेरगिल त्यांची सख्खी मावशीच. मावशीने चित्र बिघडत नाही, हे इथेच सिद्ध झालं.

म्हणून सगळा दोष याच्या माथी मारणं बरं नव्हे. नावं पुसायला सुरुवात घरातच होते, हा फक्त शेवटचा हात फिरवतो. उपाय स्वस्त आहे. घरातल्या म्हाताऱ्यांना चेहरे ओळखू येताहेत तोवर फोटोमागे मऊ पेन्सिलीने, दाब न देता, नाव, गाव, साल लिहावं; शाई पुढच्या बाजूला फुटते. सुरुवात स्मृतिचित्रकारानेच करावी. त्याच्या घरच्या माळ्यावरही एक ट्रंक असतेच, आणि तिच्यातल्या मावश्यांना अजून कुणी नाव विचारलेलं नसतं.